औषधाचे नाव बदलते, अंश राहतो
(जिल्हा बैठकीतील भाषणाचा मजकूर)



कापूस, मिरची, वीजबिल या विषयांवर बोलणारी माझ्यापेक्षा जाणकार माणसे इथे बसली आहेत. माझ्या वाट्याला जरा अवघड विषय आला आहे. कोंबड्यांना आणि गाईम्हशींना आपण जी अँटिबायोटिक औषधे देतो, ती जनावराच्या पोटात गेल्यावर त्यांचे काय होते, आणि त्यातले किती अंड्यात, मटणात आणि दुधात उतरते, असा तो विषय आहे. अवघड अशासाठी की इतर विषयांत सरकारकडे बोट दाखवून मोकळे होता येते. इथे बाटली आपल्याच हातात असते. ती हातात आली कशी आणि कोणी दिली, हेही मी बोलणार आहे. पण सुरुवात बाटलीपासूनच करावी लागेल.

नवापूरपासून सुरुवात करतो. २००६ च्या फेब्रुवारीत नवापूरचे नाव जगभर झाले. देशातला पहिला बर्ड फ्लू आपल्या तालुक्यात सापडला. १८ फेब्रुवारीला सरकारने ते जाहीर केले. त्याच्या आधी बरेच दिवस पक्षी मरत होते, आणि शेडवाल्यांचा समज होता की ही नेहमीची राणीखेत आहे. नमुने भोपाळच्या प्रयोगशाळेत गेले, निकाल आला, मग पांढऱ्या कपड्यातली पथके आली आणि लाखो पक्षी खड्ड्यात गेले. २०२१ च्या फेब्रुवारीत नवापूरला पुन्हा तेच झाले.

हा इतिहास तुम्हाला पाठ आहे. मला त्यातली एकच गोष्ट पुढे आणायची आहे. शेडमध्ये मरतूक वाढली की आपण पहिल्यांदा काय करतो? पाण्याच्या टाकीत पावडर नाहीतर बाटली सोडतो. पाच दिवस एक औषध, गुण नाही आला तर पाच दिवस दुसरे. बर्ड फ्लू हा विषाणूचा रोग. राणीखेतही विषाणूचाच. गंबोरोही. अँटिबायोटिक हे जिवाणूंवरचे औषध आहे, विषाणूला त्याचा ओरखडाही उठत नाही. विषाणूने खचलेल्या पक्ष्याला मागाहून जिवाणूचा आजार जडतो आणि तिथे औषधाला काही काम असते, हे खरे. पण मूळ रोग कोणता हे न कळता टाकीत सोडलेल्या बाटलीचे पैसे बहुतेक वेळा वाया जातात. पैसे जातात आणि औषध मात्र पक्ष्यात राहते.

किती राहते, कसे राहते? पोल्ट्रीतले सर्वांच्या ओळखीचे औषध घेऊ, एन्रोफ्लॉक्सासिन. सीआरडी झाला, ई कोलाय झाला, पिल्लांची हगवण झाली, की हेच. हे औषध खास जनावरांसाठी काढलेले आहे, माणसाला ते देत नाहीत. म्हणून पुष्कळांना वाटते की माणसाच्या औषधाशी याचा संबंध नाही. आता नवापूरचे रेल्वे स्टेशन डोळ्यासमोर आणा. तिथला एक बाक अर्धा महाराष्ट्रात आणि अर्धा गुजरातेत आहे. बाकावरचा माणूस हातभर सरकला की त्याचे राज्य बदलते, माणूस तोच. एन्रोफ्लॉक्सासिनचे कोंबडीच्या लिव्हरमध्ये असेच होते. त्याच्या रेणूचा एक लहानसा तुकडा गळून पडतो आणि उरते ते सिप्रोफ्लॉक्सासिन. सिप्रो म्हणजे मेडिकलमधून आपण जुलाबाला, लघवीच्या जळजळीला, टायफॉईडला आणतो ती गोळी. टाकीत सोडले जनावराचे औषध, आणि रक्तात, लिव्हरमध्ये, मांसात फिरू लागले माणसाचेही औषध. आणि ते मेलेले औषध नव्हे. जिवाणू मारण्याची त्याची ताकद शाबूत असते. शास्त्रज्ञ अशा बदललेल्या रूपाला सक्रिय मेटाबोलाइट म्हणतात. शब्द विसरलात तरी चालेल, स्टेशनचा बाक लक्षात ठेवा.

म्हणूनच युरोपात अवशेष मोजताना दोन्ही नावांची बेरीज करतात. कोंबडीच्या एक किलो मांसात एन्रो आणि सिप्रो मिळून १०० मायक्रोग्रॅमपेक्षा जास्त चालत नाही. लिव्हरमध्ये २००, किडनीत ३००. एक ग्रॅमचे दहा लाख भाग करा, त्यातला एक भाग म्हणजे एक मायक्रोग्रॅम. एकच नाव तपासणारी प्रयोगशाळा अर्धाच हिशेब करते. खाण्याची अंडी देणाऱ्या कोंबडीला तर हे औषध युरोपात देताच येत नाही.

अंड्याचे कारण बायकांना पटकन समजेल. अंड्यावरची कोंबडी कापली की पोटात पिवळ्या बलकांची माळ दिसते, मोठ्या लिंबापासून ज्वारीच्या दाण्यापर्यंत. अंडे बाहेर पडण्याआधी सुमारे दहा दिवस बलक भराभर वाढत असतो, आणि त्या दिवसांत रक्तात जे असेल ते त्याच्यात साठत जाते. औषध आज बंद केले म्हणून उद्याचे अंडे स्वच्छ होत नाही. उद्याचा, परवाचा, आठव्या दिवसाचा बलक औषधाच्या दिवसांतच भरलेला असतो.

दुधाचेही तसेच. गाईला एन्रो टोचले तर तिच्या दुधात सिप्रो उतरते, आणि त्याचे प्रमाण मूळ औषधापेक्षा जास्त असू शकते. कासदाहावर, म्हणजे आपण दगडी म्हणतो त्यावर, सडात सोडण्याच्या ट्यूबा असतात. त्यातल्या पेनिसिलिनची खूण घराघरात ठाऊक आहे, त्या दुधाला दही लागत नाही. विरजणातले जिवाणूच मरतात, तर दही लागणार कसे? उकळल्याने औषध जाते हा समज सोडून द्या. टेट्रासायक्लिनसारखे थोडेफार मोडते, एन्रो आणि सिप्रोला चुलीची फारशी पर्वा नसते. टेट्रासायक्लिन कॅल्शियमला चिकटते, म्हणून ते हाडात जाऊन बसते. जेंटामायसिन तर जनावराच्या किडनीत महिनोन्‌महिने मुक्काम करते.

नाव बदलण्याचा सर्वांत वाईट प्रकार फ्युराझोलिडोनचा. स्वस्त पिवळी पावडर, पोल्ट्रीत आणि कोळंबीच्या तळ्यात ती सर्रास चालली. मूळ औषध अंगातून काही तासांत नाहीसे होते. दुसऱ्या दिवशी मांस तपासून मूळ औषध शोधले तर काहीच सापडत नाही. पण त्याचा एक तुकडा मांसातल्या प्रथिनांना घट्ट चिकटून कित्येक आठवडे राहतो. आधी तो कोणी शोधतच नव्हते. २००२ च्या सुमारास युरोपीय प्रयोगशाळा तो शोधू लागल्या आणि आशियातल्या कोळंबीचे आणि कोंबडीचे माल बंदरात अडले. आपल्या देशाने या गटातल्या औषधांची आणि क्लोरॅम्फेनिकॉलची, खाण्यासाठी पाळलेल्या सर्व जनावरांकरिता, निर्मिती आणि विक्री बंद केली ती मार्च २०२५ मध्ये. परदेशी गिऱ्हाईक ओरडले तेव्हा बंदरावर जाग आली, गावातल्या दुकानात जाग यायला वीस वर्षांहून जास्त लागली. देशातला खाणारा काय कमी माणूस होता?

विषय अँटिबायोटिकचा असला तरी गिधाडाचे उदाहरण दिल्याशिवाय पुढे जाववत नाही. डायक्लोफेनॅक टोचलेले ढोर मेले आणि गिधाडांनी खाल्ले की गिधाडांच्या किडन्या बंद पडून ती मरतात, हे २००४ मध्ये सिद्ध झाले. २००६ मध्ये सरकारने जनावरांसाठी ते बंद केले. मग दुकानात दुसरी वेदनाशामके आली, त्यात एक अॅसिक्लोफेनॅक. हे अॅसिक्लोफेनॅक गाईम्हशीच्या अंगात गेले की त्याचे डायक्लोफेनॅकच होते! पुढच्या दाराने हाकललेला चोर मागच्या दाराने घरात. ते बंद व्हायला जुलै २०२३ उजाडले. बंदी बाटलीवरच्या नावावर घातली तर काय होते, त्याचा हा नमुना. बंदी घालणाऱ्याने जनावराच्या पोटात काय तयार होते ते आधी पाहायला हवे होते.

आता कोणी विचारेल, एवढ्याशा अंशाने माणसाला काय होणार आहे? एक अंडे खाऊन कोणी आजारी पडत नाही, हे मी स्पष्ट सांगतो. भीती घालून भाषण गाजवायचा माझा विचार नाही. धोका दोन प्रकारचा आहे. पेनिसिलिनची अॅलर्जी असणाऱ्याला थोड्या अंशानेही त्रास होऊ शकतो, तो एक. मोठा धोका शेडमध्येच घडतो. औषध वारंवार आणि अर्धवट मात्रेत दिले की मरायचे ते जिवाणू मरतात, आणि जे औषधाला दाद देत नाहीत तेच उरतात आणि वाढतात. ते कोंबडखतातून शेतात जातात, पाण्यात जातात, कापणाऱ्याच्या हाताला लागतात. पहिला हात आपला असतो आणि शेडमध्ये काम करणाऱ्या आपल्या घरच्या बाईचा असतो. मग त्या घरातले लेकरू तापाने फणफणले आणि डॉक्टरने दिलेली गोळी लागू पडली नाही, तर त्याचे बिल कोणत्या अनुदानातून फेडायचे?

अमेरिकेत एन्रोफ्लॉक्सासिनला कोंबड्यांसाठी परवानगी मिळाली १९९६ साली. माणसांच्या हगवणीतले जिवाणू सिप्रोला जुमानेनासे झाले, तेव्हा २००० साली तिथल्या औषध प्रशासनाने ही परवानगी काढून घेण्याचे ठरवले. कंपनी भांडली, पाच वर्षे सुनावण्या चालल्या, आणि सप्टेंबर २००५ मध्ये कोंबड्यांसाठी ते बंद झाले. आपल्याकडे २०१९ च्या जुलैत कोलिस्टिन बंद झाले. दुसरे काही चालेनासे झाले की दवाखान्यात रोग्याला देतात ते हे औषध, आणि आपण ते पिल्लांच्या खाद्यात वजन वाढावे म्हणून मिसळत होतो.

इथे एक गोष्ट मात्र ठणकावून सांगितली पाहिजे. सिप्रोची धार गेली त्याला एकटी कोंबडी जबाबदार नाही. सर्दीला अँटिबायोटिक लिहिणारे डॉक्टर, चिठ्ठीशिवाय गोळ्या देणारे दुकानदार आणि दोन दिवसांत गोळ्या सोडून देणारे आपण सगळे त्यात आहोत. शहरातला माणूस वर्तमानपत्र वाचून शेतकऱ्याला विषारी म्हणायला लागला तर त्याला आधी स्वतःच्या घरातले औषधांचे कपाट उघडायला सांगा.

वर्तमानपत्रात काय येते तेही पाहू. २०१४ साली दिल्लीच्या सेंटर फॉर सायन्स अँड एन्व्हायर्नमेंटने दिल्ली परिसरातले कोंबडीच्या मांसाचे ७० नमुने तपासले. ४० टक्क्यांत अँटिबायोटिकचे अवशेष निघाले, त्यात एन्रो होते आणि सिप्रोही होते. गंमत म्हणजे तेव्हा कोंबडीच्या मांसात किती अवशेष चालतील याची मर्यादाच आपल्या देशात ठरलेली नव्हती. ती २०१८ मध्ये आली. दुधाचा देशभराचा तपास सरकारच्या अन्न सुरक्षा प्राधिकरणाने २०१८ मध्ये केला. ६,४३२ नमुन्यांपैकी ७७ मध्ये अँटिबायोटिक मर्यादेपेक्षा जास्त निघाले, म्हणजे सव्वा टक्क्याच्या आसपास. हा आकडा तुम्ही लक्षात ठेवा. शंभरातले अठ्ठ्याण्णव नमुने या बाबतीत ठीक होते. दूधवाला म्हणजे भेसळवाला असे कोणी सरसकट म्हणाले तर त्याला हा आकडा दाखवा, आणि उरलेले आपल्या गावात निघू नयेत याची काळजीही घ्या.

आता कायद्याकडे येऊ. इथेच खरी मेख आहे. जानेवारी २०१२ मध्ये औषध नियमांत दुरुस्ती झाली. जनावरांच्या औषधावर, औषध थांबवल्यापासून किती दिवस दूध, अंडी, मांस विकायचे नाही, ते लिहिलेच पाहिजे. ज्या औषधाचा असा काळ तपासून ठरवलेला नसेल त्याला दुधासाठी आणि अंड्यांसाठी किमान ७ दिवस, आणि कोंबडीच्या व जनावराच्या मांसासाठी किमान २८ दिवस.

कागदावर उत्तम. आता शेडमध्ये या. ब्रॉयलर चाळिसाव्या दिवसाच्या आसपास विकला जातो. चाळीसमधून अठ्ठावीस वजा करा. बाराव्या दिवसानंतर असे औषध द्यायचेच नाही! आणि रोग येतो तो नेमका तिसऱ्या-चौथ्या आठवड्यात. लेअरचा हिशेब करा. दहा हजार पक्षी, दिवसाला नऊ हजार अंडी धरा. सात दिवसांची त्रेसष्ट हजार. पाच रुपये भाव धरला तर तीन लाख पंधरा हजारांची अंडी फेकून द्या, आणि त्या सात दिवसांचे खाद्य घालतच राहा. हा तोटा कोणी सोसायचा, याचे उत्तर नियमात नाही. लोकांच्या तब्येतीसाठी नियम केला हे बरोबरच आहे. पण त्या तब्येतीचा खर्च एकट्या उत्पादकाच्या माथी मारायचा, ही जुनी खोड आहे. अंड्याचा रोजचा भाव जाहीर होतो, त्यात स्वच्छ अंड्याला चार आणे जास्त मिळतात का? दुधाला फॅट लावतात, एसएनएफ लावतात, त्यावर भाव ठरतो. औषध नसलेल्या दुधाचा रकाना त्या पावतीवर कुठे आहे? काही मिनिटांत दुधातले अँटिबायोटिक दाखवणाऱ्या पट्ट्या निघालेल्या आहेत. पण तपासले तर भाव द्यावा लागेल, म्हणून संकलन केंद्रावर ती पट्टी यायला उशीर होतो, असा माझा संशय आहे.

कराराने ब्रॉयलर पाळणाऱ्यांची कथा आणखी निराळी. पिल्लू कंपनीचे, खाद्य कंपनीचे, औषध कंपनीचे, सुपरवायझर कंपनीचा. शेड आपले, वीजबिल आपले, रात्रीची जाग आपली, आणि किलोमागे ठरलेली मजुरी. खाद्याच्या पोत्यात काय मिसळले आहे हे शेतकऱ्याला सांगायला कोणी बांधील नसतो. उद्या अवशेष सापडले तर पंचनामा मात्र त्याच्या शेडचा होईल. म्हणून करारात एक ओळ घालून घ्या: खाद्यातली आणि पाण्यातली सर्व औषधे, त्यांची मात्रा आणि तारीख लेखी दिली जाईल. ओळ लहान आहे, पण ती घालायला कंपनीने नकार दिला तर तो नकारही पुष्कळ काही सांगून जातो.

आणि बाटली हातात आली कशी ते सांगतो म्हणालो होतो. जनावरांचा दवाखाना अनेक ठिकाणी नावापुरता. डॉक्टरला दहा गावे, त्यातली निम्मी डोंगरात. धडगावच्या माणसाने मेलेली कोंबडी घेऊन तपासणीला जायचे कुठे? मग सल्ला देतो तो औषध विकणारा. त्याचा धंदा बाटली खपण्यावर चालतो, रोग ओळखण्यावर नाही. लेबल इंग्रजीत, अक्षर मुंगीएवढे. पावरी किंवा मावची बोलणाऱ्या आपल्या भावाने त्यातला २८ दिवसांचा आकडा कसा वाचायचा? आपली पहिली मागणी लेबलाची आहे: थांबण्याचे दिवस मराठीत आणि ठळक आकड्यात. दुसरी मागणी जिल्ह्यातच रोगनिदान आणि अवशेष तपासणीची. मेलेल्या पक्ष्याचा निकाल दुसऱ्या दिवशी मिळाला तर निम्म्या बाटल्या उघडल्याच जाणार नाहीत.

ही तपासणी आपल्याच फायद्याची आहे. २००६ मध्ये बर्ड फ्लूच्या बातमीने देशभरातला भाव कोसळला, ज्यांच्या शेडमध्ये एक पक्षीही मेला नव्हता त्यांचाही. २०२० मध्ये कोंबडीने कोरोना होतो अशी निव्वळ अफवा उठली आणि जिवंत पक्षी फुकटात वाटायची वेळ आली. उद्या अवशेषांची बातमी अशीच फुटली तर अफवेला उत्तर म्हणून आपल्या हातात आपला तपासणी अहवाल हवा. तो नसेल तर व्यापारी म्हणेल तो भाव.

मागण्या मान्य होईपर्यंत आपल्या हातात काय आहे? लसी वेळेवर द्या, राणीखेत आणि गंबोरो लसीनेच थोपतात. पाण्याची टाकी आणि पाइप धुवा, शेडच्या दाराशी चुना टाका, शेजारच्या शेडमधला माणूस आत घेऊ नका. पक्षी मरत असतील तर आधी निदान, मग औषध, आणि ते ठरलेल्या पूर्ण मात्रेत, ठरलेले सगळे दिवस. दोन औषधे अंदाजाने एकत्र करू नका. दगडीची सुरुवात असेल तर राष्ट्रीय दुग्धविकास मंडळ जो घरगुती लेप सांगते तो करून पाहा: कोरफड २५० ग्रॅम, हळद ५० ग्रॅम, खायचा चुना १५ ग्रॅम, वाटून कासेला, कास पूर्ण पिळून घेतल्यावर, दिवसातून दहा वेळा, पाच दिवस. गाय तापली, दुधात रक्त-पू दिसला तर लेपावर विसंबू नका, डॉक्टरला बोलवा. आणि औषध चालू असलेल्या गाईचे दूध डेअरीच्या कॅनमध्ये ओतू नका. एका गाईचे दूध सगळ्या गावचा कॅन बिघडवते. ते वासरालाही पाजू नका, तिथेही तेच जिवाणू तयार होतात.

शेवटची गोष्ट नोंदवहीची. प्रत्येक शेडला आणि प्रत्येक गोठ्याला एक वही. रकाने पाचच: तारीख, औषधाचे नाव, कोणत्या पक्ष्यांना किंवा कोणत्या गाईला, शेवटचा डोस कधी, विक्री कधीपासून सुरू. रिकामी बाटली फेकण्याआधी तिचे लेबल सोडवून वहीत चिकटवा, म्हणजे पुढे कंपनीशी किंवा सरकारशी भांडायला कागद राहील. कोऱ्या वह्या प्रवेशदाराजवळच्या टेबलावर आहेत. नवापूर आणि शहाद्याच्या कार्यकर्त्यांनी आपापल्या गावांच्या मोजून न्याव्यात, आणि पुढच्या बैठकीला येताना भरलेल्या घेऊन याव्यात. लेबलाच्या मागणीचे निवेदन आपण त्या लेबलांसकट जिल्हाधिकाऱ्यांना देणार आहोत.